‘ताकी नो शिराइतो’ (१९३३) : यात दगा दिला तरी कोणी?

पडद्याआड (धागाकर्ता)

जपानी दिग्दर्शक केंजी मिझोगुचीचं नाव निघालं की बोलणं ‘उगेत्सु’ आणि ‘सान्शो’च्या पुढे सरकत नाही. ते दोन्ही १९५३-५४चे. त्याआधी तीस वर्षं हा माणूस सिनेमे काढत होता आणि त्याचे बहुतेक मूकपट आज उरलेले नाहीत. जे थोडे उरले त्यांतला ‘ताकी नो शिराइतो’ नुकताच पुन्हा पाहिला. डोक्यात जे घोळतंय ते इथे मांडतो. गोष्ट शेवटापर्यंत सांगणार आहे, तेव्हा आधी पाहायचा असेल त्यांनी इथूनच मागे फिरा.

काळ सम्राट मेइजीच्या राजवटीचा, साधारण १८९०च्या आसपासचा. जपानी समुद्राकडच्या होकुरिकु भागात खेळवाल्यांची एक मंडळी गावोगाव फिरते. तिची मुख्य आकर्षण शिराइतो. ती पाण्याचे खेळ करते. पंख्याच्या टोकातून, तलवारीच्या पात्यावरून, हातातल्या पेल्यातून कारंजी उडवायची, इथली धार थांबवून तिथे काढायची. (लपवलेल्या नळ्या आणि आतला मदतनीस यांची सगळी करामत.) एका प्रवासात तिची घोडागाडी माणसांनी ओढलेल्या रिक्षेच्या मागे पडते आणि ती गाडीवानाला, किन्याला, डिवचते. तो इरेला पेटतो, गाडीचा घोडा सोडवतो, तिला पुढ्यात घेतो आणि बाकीच्या उतारूंना रस्त्यातच टाकून भरधाव निघतो. नोकरी अर्थातच जाते. पुढे कानाझावात एका रात्री तो तिला पुलावर झोपलेला सापडतो. घराणं सामुराईचं, वडील गेलेले, खिशात दमडी नाही आणि कायदा शिकायची आस. ती म्हणते, तू तोक्योला जा, पैसे मी पाठवते. बदल्यात ती आपलेपणा मागते, बाकी काही नाही.

पाण्याचे खेळ ही उन्हाळ्यातली करमणूक. होकुरिकुचा हिवाळा म्हणजे नुसता बर्फ, तेव्हा कोण बघायला येणार? मंडळीचं उत्पन्न आटतं, तोक्योचा खर्च मात्र चालूच. शेवटी शिराइतो इवाबुची नावाच्या सावकाराचं दार ठोठावते. पैसे घेऊन निघते तर तिच्याच मंडळीतला सुरीफेक करणारा साथीदारांसह तिला वाटेत लुटतो, आणि त्याला फूस खुद्द सावकाराची. ती सुरी घेऊन परत सावकाराकडे जाते. झटापटीत तो मरतो. खटला उभा राहतो तेव्हा सरकारी वकील म्हणून नुकताच रुजू झालेला तरुण असतो किन्या. तो तिला खरं सांगायला सांगतो. ती सांगते, आणि भर न्यायालयात जीभ चावून मरते. त्यानंतर किन्याही जीव देतो.

आता माझा मुद्दा. या सिनेमावर जे लिहिलेलं सापडतं त्यात शिराइतो ‘त्यागमूर्ती’ असते आणि महत्त्वाकांक्षा किन्याची असते. मला हे पटत नाही. किन्या आपली इच्छा पुलावर एकदा बोलून दाखवतो, पुढे ती इच्छा जिवंत ठेवते ती शिराइतो. तो तोक्योत काय शिकतो, कुठे राहतो, हे मिझोगुची जवळजवळ दाखवतच नाही. दाखवतो ते पैसे कुठून येतात. उचल, उसनवारी, गहाण, विनवण्या. एका माणसाच्या यशाचा खर्च दुसऱ्याच्या अंगावर कसा चढत जातो याचा इतका बारीक हिशेब मी दुसऱ्या मूकपटात पाहिलेला नाही. जत्रेतल्या बाईला प्रतिष्ठेचं दार बंद होतं. ते तिने किन्याच्या हातून उघडून घ्यायचं ठरवलं. याला मी महत्त्वाकांक्षाच म्हणेन, आणि तिची ती पुरीही होते. किन्या सरकारी वकील होतो, आणि ते तिला दिसतं ते आरोपीच्या जागेवरून.

मग दगा कोणाचा? सुरीफेक्याचा आहेच, पण तो भुरटा. किन्याचं काय?

---

रानजाई

सुंदर ओळख. सवडीने प्रतिसाद देते. तोवर जागा धरून ठेवतेय.

---

काळाकोट

पेशाने वकील आहे, त्यामुळे शेवटच्या प्रसंगावर बोलल्याशिवाय राहवत नाही.

दुसऱ्या महायुद्धाआधीच्या जपानी न्यायालयात सरकारी वकील आपल्याकडल्यासारखा खाली, आरोपीच्या वकिलासमोर उभा नसे. तो न्यायाधीशांच्या बरोबरीने वरच्या चौथऱ्यावर बसे. आरोपी खाली. हे ध्यानात घेतलं की शिराइतो मान वर करून किन्याकडे बघते त्या चित्राचा अर्थ बदलतो. ती समोरच्या माणसाकडे बघत नाहीये, राजसत्तेकडे बघतेय. आणि त्या खुर्चीपर्यंतच्या एकेका पायरीचे पैसे तिने दिलेत.

फ्रेंच वळणाचा नवा फौजदारी कायदा जपानमध्ये १८८२ साली लागू झाला. म्हणजे किन्या शिकला ती सगळी व्यवस्थाच कोरी करकरीत होती. सामुराईंची मिरासदारी गेली, पगार गेले, आणि त्यांच्या पोरांना वर चढायला उरली ती परीक्षा. कायदा शिकणं म्हणजे त्या पिढीचा मोठा जिनाच होता. किन्याची आस वैयक्तिक लहर नव्हती, हे नमूद करावंसं वाटतं.

आता दगा. माझ्या मते दगा किन्याचाच, तोही दुहेरी. आरोपीच्या पैशावर आपण शिकलो हे ठाऊक असताना त्याने खटल्याला हातच लावायला नको होता. वरिष्ठांना सांगून बाजूला व्हायचं. तो बाजूला होत नाही म्हणजे खुर्चीशी प्रतारणा. वर कर्तव्याच्या नावाखाली तिच्याकडूनच कबुली काढून घेतो, ही तिच्याशी. नंतर आत्महत्या करून तो सुटतो असं प्रेक्षकाला वाटावं अशी रचना आहे. मी काही त्याला सोडायला तयार नाही.

---

पडद्याआड

काळाकोट, चौथऱ्याची माहिती फार मोलाची. पण तो बाजूला झाला असता तर तिला तो त्या खुर्चीत दिसलाच नसता. तिला दिसायला हवा होता. मला तर वाटतं, कबुली ती त्याच्या सांगण्यावरून देतच नाही. आपण घडवलेला माणूस पहिल्याच मोठ्या खटल्यात डळमळू नये म्हणून देते.

---

काळाकोट

हे तुम्ही तिच्या वतीने बोलताय. पटलावर ते नाही.

---

तिसरी_घंटा

मूळ कथेबद्दल थोडं. इझुमी क्योकाची ही कथा १८९४ साली ‘योमिउरी’ वृत्तपत्रात क्रमशः आली. क्योका तेव्हा विशीचा, कानाझावाचाच. गुरू ओझाकी कोयो यांच्या घरी राहून शिकलेला. त्याच वर्षी जानेवारीत त्याचे वडील वारले. ते धातूवर नक्षी कोरणारे कारागीर. घरात पैसा नाही, म्हातारी आजी मागे, आणि हा मुलगा लेखक होण्याच्या नादात. दुसऱ्याच्या आधाराने शिकणाऱ्या तरुणाची लाज आणि ऋण त्याने कल्पनेतून आणलेलं नाही. कोयोंनी त्या कथेवर बराच हात फिरवला होता, तेही खरं.

कथा आणि सिनेमा यांत एक मोठा फरक आहे आणि धाग्याच्या प्रश्नाशी त्याचा थेट संबंध आहे. कथेत शिराइतोकडून मरतो तो सावकार नव्हे. लुटली गेल्यावर बधिर अवस्थेत ती एका अनोळखी घरात शिरते आणि तिथल्या निरपराध नवराबायकोचा जीव घेते. शंभर येनांसाठी. सिनेमाने त्या जागी दुष्ट सावकार आणला, लुटीचा सूत्रधारही तोच केला आणि वार झटापटीत घडवला. प्रेक्षकाची सहानुभूती हलू नये म्हणून केलेली ही सोय आहे. क्योकाची शिराइतो जास्त भयंकर आहे. पडद्याआड, तुमचा महत्त्वाकांक्षेचा मुद्दा खरा असेल तर तो कथेत दुप्पट खरा ठरतो. दुसऱ्याच्या भवितव्यासाठी ती कुठवर जाऊ शकते, हे तिथे दिसतं.

कथा आणि सिनेमा यांच्या मधे रंगभूमी येते. १८९५च्या अखेरीस कावाकामी ओतोजिरोच्या मंडळीने आसाकुसात हे नाटक केलं आणि मग ते ‘शिंपा’ रंगभूमीचं हुकमी नाटक झालं. शिंपा म्हणजे काबुकी या जुन्या जपानी नाट्यप्रकाराच्या पोशाखी परंपरेपासून फुटून समकालीन विषय घेणारी नाटकं. स्त्रीभूमिका तिथेही मुख्यतः पुरुषच करत. सिनेमातही साधारण १९२०पर्यंत तेच. आपल्याकडे फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) तारामती साळुंके या पुरुष नटाने केली आणि त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकी पडद्यावर आल्या. जपानमध्ये हा बदल मिझोगुचीच्या उमेदवारीच्या काळात, त्याच्या डोळ्यांदेखत झाला.

---

भरकटलेला

तिसरी_घंटा यांचे प्रतिसाद आले की धागा वाचायला मजा येते. बाकी मी सिनेमा पाहिला नाही आणि आता सगळी गोष्ट कळल्यावर पाहावा का, हाही प्रश्नच आहे.

---

रानजाई

पाहाच. गोष्ट कळली म्हणून काही बिघडत नाही. १९३३च्या जपानी प्रेक्षकालाही ती पाठच होती.

आता माझा प्रतिसाद. इथे मंडळी शिराइतो आणि किन्या यांच्यातच गुंतलीयत. हिशेबातली तिसरी व्यक्ती मिझोगुची स्वतः आहे. १८९८चा जन्म, वडिलांचा धंदा बुडालेला. थोरली बहीण सुझु लहानपणी दत्तक म्हणून दिली गेली आणि पुढे गेइशांच्या घरात पोचली. तिला एका उमरावाचा आधार मिळाला, आणि त्या आधारावर तिने भावाला वाढवलं, शिकवलं. भाऊ कलावंत झाला तो बहिणीच्या अशा कमाईवर. आता शिराइतोने पाठवलेले पैसे पाहा.

त्यात भर म्हणजे १९२५ साली त्याच्यासोबत राहणाऱ्या एका स्त्रीने त्याच्या पाठीवर वस्तरा चालवला होता. हा माणूस आयुष्यभर स्त्रियांच्या हालअपेष्टांवर सिनेमे करत राहिला ते कळवळ्याने, असं म्हणतात. मला त्यात कळवळ्यापेक्षा अपराधीपणा जास्त दिसतो.

---

जुनापुराणा

रानजाई, दिग्दर्शकाच्या घरातली भांडी बाहेर काढून सिनेमा समजत नाही. बहीण नसती तर काय शिराइतो वाईट झाली असती? कथा क्योकाची, नाटक शिंपाचं, पटकथा आणखी कोणाची. मिझोगुचीचं यात काय, तर कॅमेरा कुठे ठेवायचा ते. त्यावर कोणी बोलत नाहीये.

मला हा सिनेमा अर्धा आवडला, हेही सांगून टाकतो. नेमका तोच माणूस सरकारी वकील निघावा, हा योगायोग आपल्या सत्तरच्या दशकातल्या हिंदी सिनेमालाही लाजवेल. मधला पळापळीचा भाग रेंगाळतो. पण शिगेरु मिकीचं छायाचित्रण! तंबूच्या मागचा अंधार, दोऱ्या, खांब, जिने, पाण्यावरचा उजेड. माणसं सतत कशाच्या तरी आडून दिसतात. पुढे मिझोगुची लांबच लांब शॉटसाठी गाजला. इथे तो अजून भरपूर कापतो, कॅमेरा हलवतो, मधेच अगदी जवळ जातो. हात अजून बसायचा आहे, आणि म्हणूनच जिवंत आहे.

---

रानजाई

मी भांडी काढत नाहीये हो, ती त्यानेच मांडून ठेवलीयत. ‘ओरिझुरु ओसेन’ (१९३५) पाहा: पुन्हा क्योकाचीच कथा, पुन्हा बाई खस्ता खाते, मुलगा डॉक्टर होतो, ती वेडी होते. ‘शेवटचं शेवंतीफूल’ (१९३९) पाहा: ती झिजते, तो काबुकीचा मोठा नट होतो. तीनतीनदा एकच गोष्ट माणूस उगाच सांगत नाही.

---

जुनापुराणा

निर्मात्याला चालणारी गोष्ट असली की सांगतो. :)

---

कोबेकर

कामानिमित्त काही वर्षं जपानात आहे. कानाझावाला गेलात तर आसानो नदीच्या काठी शिराइतोचा पुतळा आहे, आणि जवळच्याच वस्तीत क्योकाचं स्मारक-संग्रहालय. एका काल्पनिक खुनी बाईचा पुतळा गावाने हौसेने उभारलाय, याचं मला फार कौतुक वाटलं. कथेतली लूट होते ते केनरोकुएन उद्यान म्हणजे तिथल्या सरंजामदारांची खासगी बाग, १८७४ साली सर्वांसाठी खुली झालेली. आज तिकीट काढून लोक बर्फाच्या भाराने फांद्या मोडू नयेत म्हणून झाडांना बांधलेल्या दोऱ्यांचे फोटो काढतात. तो बर्फ पाहिल्यावर ‘हिवाळ्यात खेळ बंद’ म्हणजे काय ते उमगतं. महिनोन् महिने ओलं, करडं, गोठलेलं.

---

पडद्याआड

कोबेकर, झकास. एक मुद्दा माझ्याकडून राहिला होता, तो इरिए ताकाकोचा. शिराइतोचं काम करणारी. ती उमराव घराण्यातली, म्हणजे जत्रेतल्या बाईपासून शंभर कोस दूर. १९३२ साली, विशीत, तिने स्वतःची निर्मितीसंस्था काढली. त्या काळात नटीने असं करणं ही नवलाचीच गोष्ट. हा सिनेमा तिच्याच संस्थेचा. मिझोगुची तिथे नेमलेला दिग्दर्शक. ‘किनेमा जुन्पो’ मासिकाच्या त्या वर्षीच्या यादीत तो दुसरा आला. पहिला दिग्दर्शक ओझूचा ‘देकिगोकोरो’.

आता पुढचं ऐका. युद्धानंतर तिचे दिवस फिरले आणि दाईएइ कंपनीच्या मांजरभुतांच्या सिनेमांत ती कामं करू लागली. १९५५ साली मिझोगुची त्याच कंपनीत ‘योकिही’ करत होता, तोवर व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात नावाजला गेलेला. त्यात तिला छोटी भूमिका होती. सेटवर सगळ्यांदेखत तो तिच्या अभिनयावर घसरला आणि मांजरभुतांच्या कामांचा टोमणा मारला. ती ते काम सोडून गेली.

किन्या निदान खुर्चीत बसून रडतो तरी.

---

काळाकोट

बापरे. मग दगा कोणी दिला, या प्रश्नाचं उत्तर तुम्हीच दिलंत की.

---

तिसरी_घंटा

इरिएला ज्यांनी पाहिलंय पण ओळखलेलं नाही अशांसाठी: कुरोसावाच्या ‘सान्जुरो’मधली (१९६२) सरदाराची वयस्क पत्नी आठवते? चांगली तलवार म्यानात असते, असं नायक झालेल्या मिफुनेला हळुवारपणे ऐकवणारी? तीच ही.

---

भरकटलेला

काय सांगता! ती माझी त्या सिनेमातली सगळ्यात आवडती व्यक्तिरेखा आहे. बघतो आता शिराइतो.

---

मुकेपणी

पाहताना बेंशीसह पाहा, ही कळकळीची विनंती. जपानी मूकपट मुका कधीच नव्हता. पडद्याशेजारी बसलेला बेंशी सगळी पात्रं बोलायचा, निवेदन करायचा, मधेच टिप्पणीही. लोक नटांइतकेच बेंशींच्या नावावर तिकिटं काढत. जपानमध्ये मूकपट १९३५पर्यंत टिकले, त्याचं एक कारण ही मंडळी. पहिला पूर्ण बोलपट तिथे १९३१ साली आला, आपल्या ‘आलम आरा’च्याच वर्षी. पण इथे एकदोन वर्षांत सगळं पालटलं, तिथे मूकपट आणि बोलपट बरीच वर्षं शेजारी नांदले. सावातो मिदोरी यांच्या निवेदनासह मी हा पाहिला. न्यायालयात शिराइतो आणि किन्या या दोघांचे आवाज एकाच गळ्यातून येतात. पडद्याआड आणि काळाकोट यांचं भांडण तिथे एकटी बाई करत असते.

आणि हा सिनेमा जूनमध्ये लागला ते वर्ष बेंशींसाठी काळं होतं. बोलपटांनी नोकऱ्या चालल्या होत्या, संप होऊन फसले होते. संपात पुढे असलेला एक बेंशी म्हणजे अकिरा कुरोसावाचा थोरला भाऊ हेइगो. जुलै १९३३मध्ये त्याने आत्महत्या केली. धाकट्याला सिनेमा दाखवला, समजावला तो यानेच.

---

जुनापुराणा

हे माहीत नव्हतं. किन्या करणारा ओकादा तोकिहिकोही फार जगला नाही ना?

---

मुकेपणी

नाही. क्षयाने जानेवारी १९३४मध्ये गेला, तिशीतच. त्याची मुलगी ओकादा मारिको तेव्हा जेमतेम वर्षाची. ती शाळेत असताना निइगाताला हा सिनेमा पाहून घरी आली आणि आईला त्याबद्दल सांगू लागली, तेव्हा आईने सांगितलं की त्यातला नायक म्हणजे तुझे वडील. पुढे ती मोठी नटी झाली. ओझूच्या १९६०च्या ‘शरदाच्या अखेरी’तली ठसकेबाज मैत्रीण तीच.

---

आडवाटेने

अवांतर: सावकार आला म्हणून आठवलं. बाबूराव पेंटरांचा ‘सावकारी पाश’ १९२५चा, हरिभाऊ आपट्यांच्या कथेवरचा, त्यात तरुण शांतारामबापू शेतकरी झाले होते. मूकपट आज बघायला मिळत नाही, त्यामुळे फक्त वाचून बोलतोय. तिथे कर्जापायी जमीन जाते आणि माणूस शहराच्या गिरणीत पोचतो. इथे कर्ज काढणारी स्वतःसाठी काढतच नाही. सावकार मात्र दोन्हीकडे सारखाच.

---

काळाकोट

अवांतर कसलं, मुद्द्याचंच आहे. पेंटरांचा शेतकरी फसतो कारण त्याला कागद वाचता येत नाही. शिराइतोला आपण काय करतोय ते पुरतं कळतं. म्हणून तर मी किन्याला सोडत नाही. तिच्या डोळ्यांदेखत, तिच्या संमतीने तो वर चढलाय, आणि तरी एकदाही विचारत नाही, की बये, हिवाळ्यात हे पैसे आणतेस कुठून?

---

पडद्याआड

हा प्रश्न तो विचारत नाही, हे मान्य. पत्रात लिहिलं असतं तरी तिने खरं सांगितलं नसतं, हेही तुम्ही मान्य करा.

---

काळाकोट

मान्य. पण विचारायचं तर त्याचं काम होतं.

---

रानजाई

‘ओसेन’वर वेगळा धागा काढतेय. त्यात मुलगा डॉक्टर होऊन गाडीची वाट बघत स्टेशनात उभा असतो आणि वेड लागलेली ती तिथेच सापडते. काळाकोट, तुमचा वकिली कोट घालून या. तिथे आरोपी शोधायला जास्त वेळ लागेल.